दिवाणी अपिलांचा विलंब : निकाल हाती, न्याय प्रतीक्षेत

दिवाणी दावा जिंकूनही प्रत्यक्ष हक्क पदरात न पडलेल्या पक्षकारांची संख्या किती मोठी आहे, याचे चित्र ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर आले. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी दाखल झालेल्या ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती देशभरातील न्यायालयांत प्रलंबित असल्याचे उच्च न्यायालयांनी सादर केलेल्या माहितीवरून स्पष्ट झाले. त्यांपैकी सर्वाधिक, म्हणजे ३ लाख ४० हजारांहून अधिक दरखास्ती मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्रातील आहेत. अशा दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढाव्यात, असे निर्देश सर्वोच्च न्यायालयाने ६ मार्च २०२५ रोजी दिले होते. त्यानंतर आलेल्या या आकडेवारीवर न्यायालयाने तीव्र नाराजी व्यक्त केली.

या सर्वच दरखास्ती अपिलांमुळे अडलेल्या आहेत, असे नाही. मात्र हुकूमनामा कागदावर राहण्याच्या प्रमुख कारणांपैकी एक कारण म्हणजे वरिष्ठ न्यायालयात दाखल झालेले अपील आणि त्यात मिळालेली स्थगिती. भारतात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यानंतर सुरू होतात, अशा आशयाचे निरीक्षण प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्ये नोंदविले होते. दीड शतकानंतरही ते खोटे ठरलेले नाही. अपिलांच्या विलंबाची चर्चा होते ती बहुधा न्यायाधीशांची अपुरी संख्या आणि प्रलंबित प्रकरणांचे आकडे यांच्या संदर्भात. हे दोन्ही प्रश्न खरे आहेत. परंतु विलंबाचा लाभ नेमका कोणाला मिळतो, हा तितकाच महत्त्वाचा प्रश्न त्या चर्चेत मागे पडतो.

अपिलांची उतरंड

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील कलम ९६ नुसार मूळ हुकूमनाम्याविरुद्ध पहिले अपील करता येते. दाव्याचे मूल्य आणि न्यायालयाचा दर्जा यांनुसार हे अपील जिल्हा न्यायालयात किंवा उच्च न्यायालयात चालते. पुरावा नव्याने तपासण्याचा अधिकार या न्यायालयाला असल्याने वस्तुस्थितीच्या प्रश्नावर पहिले अपील ही सहसा अखेरची पायरी मानली जाते. त्यापुढे कलम १०० नुसार उच्च न्यायालयात दुसरे अपील करता येते. १९७६ च्या दुरुस्तीनंतर त्यासाठी कायद्याचा महत्त्वपूर्ण प्रश्न उपस्थित होणे आवश्यक ठरले आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद १३६ खाली विशेष अनुमती याचिकेद्वारे सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठावण्याचा मार्ग त्यानंतरही उरतो.

अपील दाखल करण्यासाठी कायद्याने दिलेली मुदत मोजकी आहे. जिल्हा न्यायालयात ३० दिवस आणि उच्च न्यायालयात ९० दिवस. अपील सुनावणीसाठी स्वीकारावे की नाही, याचा विचार शक्यतो ६० दिवसांत पूर्ण करावा, असेही संहितेत म्हटले आहे. मात्र अपील एकदा दाखल करून घेतल्यावर त्याचा अंतिम निकाल किती काळात लागावा, यासाठी सर्वसाधारण दिवाणी अपिलांना कोणतीही बंधनकारक मुदत नाही. दाखल करणाऱ्यावर दिवसांचे बंधन आणि निर्णयाला मात्र काळाची मर्यादा नाही, अशी ही रचना आहे.

वडिलोपार्जित शेतजमिनीच्या वाटपाचा दावा या दृष्टीने पाहण्यासारखा आहे. अशा दाव्यात आधी प्रत्येकाचा हिस्सा ठरविणारा प्राथमिक हुकूमनामा होतो. त्याविरुद्ध अपील होऊ शकते. हिस्से कायम झाल्यावर प्रत्यक्ष वाटणीची प्रक्रिया सुरू होते आणि सारा आकारणी असलेल्या शेतजमिनीची वाटणी जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते. इतर मिळकतींच्या बाबतीत अंतिम हुकूमनामा निघतो आणि त्याविरुद्ध पुन्हा स्वतंत्र अपील करता येते. एकाच जमिनीच्या वादात अपिलांची साखळी अशी दोनदा उभी राहू शकते.

मुलींच्या वारसाहक्काच्या बाबतीत या विलंबाची तीव्रता विशेष जाणवली. हिंदू उत्तराधिकार कायद्यातील २००५ च्या दुरुस्तीने मुलींना जन्मतः सहदायादाचा हक्क दिला. दुरुस्तीच्या वेळी वडील हयात असणे आवश्यक आहे काय, या प्रश्नावर परस्परविरोधी निकाल आले आणि असंख्य दावे व अपिले रखडली. सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी हा वाद मुलींच्या बाजूने मिटविला आणि रखडलेली प्रकरणे शक्यतो सहा महिन्यांत निकाली काढण्याची अपेक्षा व्यक्त केली. कायदा होऊन त्या वेळी पंधरा वर्षे लोटली होती.

वेळ नेमका कोठे जातो

अपिलात नव्याने साक्षीपुरावा घेण्याचा प्रसंग क्वचितच येतो. नोंदलेला पुरावा आणि मूळ निकाल समोर ठेवून दोन्ही बाजूंचा युक्तिवाद ऐकायचा असतो. बहुतांश अपिलांची प्रत्यक्ष सुनावणी काही तासांची किंवा फार तर काही दिवसांची असते. वर्षे जातात ती सुनावणीची पाळी येण्यात.

अयोध्येतील जमिनीच्या मालकीचा वाद हे याचे सर्वपरिचित उदाहरण आहे. अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या ३० सप्टेंबर २०१० च्या निकालाविरुद्ध दाखल झालेली दिवाणी अपिले सर्वोच्च न्यायालयाने मे २०११ मध्ये स्वीकारली आणि त्या निकालाला स्थगिती दिली. संस्कृत, फारसी, उर्दू, हिंदी अशा अनेक भाषांतील हजारो पानांचे भाषांतर होण्यातच दीर्घ काळ गेला. पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठापुढे ६ ऑगस्ट २०१९ रोजी सलग सुनावणी सुरू झाली, तेव्हा ती ४० दिवसांत पूर्ण झाली आणि ९ नोव्हेंबर २०१९ रोजी निकाल लागला. आठ वर्षांहून अधिक काळ प्रलंबित राहिलेल्या आणि देशातील सर्वांत गुंतागुंतीच्या दिवाणी वादांपैकी एक असलेल्या या प्रकरणाला प्रत्यक्ष सुनावणीचे ४० दिवस पुरले.

सामान्य पक्षकाराच्या अपिलात प्रतीक्षेची कारणे साधी असतात. कनिष्ठ न्यायालयातील मूळ कागदपत्रे वेळेत पोहोचत नाहीत. महाराष्ट्रात तालुका व जिल्हा पातळीवरील कामकाज मोठ्या प्रमाणावर मराठीत चालते, तर उच्च न्यायालयाचे कामकाज इंग्रजीत होते. त्यामुळे साक्षी व दस्तऐवजांच्या भाषांतराचा टप्पा मध्ये येतो. नोटीस बजावली जात नाही. वकिलांच्या विनंतीवरून तहकुबी मिळते. उच्च न्यायालयात त्याच न्यायमूर्तींपुढे जामीन, मनाई हुकूम आणि रिट याचिकांसारखी तातडीची प्रकरणे असतात. अंतिम सुनावणीसाठी ठेवलेली जुनी अपिले बोर्डावर येतात, पण तेथवर पाळी पोहोचण्यापूर्वी दिवसाचे कामकाज संपते.

काळ लांबला की पक्षकारांचा मृत्यू ही स्वतंत्र अडचण बनते. मृत पक्षकाराचे वारस ९० दिवसांत नोंदविले न गेल्यास त्याच्यापुरते अपील संपुष्टात येते. ते पुनरुज्जीवित करण्यासाठी आणखी ६० दिवसांची मुदत असते आणि तीही टळल्यास विलंबमाफीचा अर्ज करावा लागतो. प्रत्येक अर्जावर म्हणणे, सुनावणी आणि आदेश आलेच. एका वारसाची नोंद होईपर्यंत दुसऱ्या पक्षकाराचा मृत्यू होण्याचे प्रसंगही घडतात. विलंबामुळे मृत्यू घडून येतात आणि मृत्यूमुळे विलंब वाढतो, असे हे चक्र आहे.

सुनावणी संपल्यावरही प्रतीक्षा संपतेच असे नाही. निकाल राखून ठेवल्यानंतर तो महिनोन् महिने जाहीर न होण्याच्या तक्रारींची दखल सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये घेतली होती आणि मार्गदर्शक सूचना दिल्या होत्या. त्यांचे पालन होत नसल्याचे आढळल्याने ऑगस्ट २०२५ मध्ये पुन्हा निर्देश द्यावे लागले. सुनावणीनंतर तीन महिन्यांत निकाल न लागल्यास प्रकरण मुख्य न्यायमूर्तींपुढे ठेवावे आणि त्यानंतरच्या दोन आठवड्यांतही निकाल न आल्यास ते दुसऱ्या खंडपीठाकडे सोपवावे, असे त्यात म्हटले आहे.

स्थगितीचे अर्थकारण

केवळ अपील दाखल केल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही, हे संहितेच्या आदेश ४१, नियम ५ मध्ये स्पष्ट आहे. स्थगितीसाठी पुरेसे कारण दाखवावे लागते. ती न मिळाल्यास मोठे नुकसान होईल, अर्ज विनाविलंब केला आहे आणि हुकूमनाम्याच्या पूर्ततेसाठी तारण दिले आहे, याची न्यायालयाला खात्री पटावी लागते. व्यवहारात मात्र स्थगिती हा अपिलाचा जवळजवळ स्वाभाविक भाग बनला आहे. घर पाडले गेले किंवा जमीन तिसऱ्याच्या हाती गेली तर अपिलात जिंकूनही उपयोग राहणार नाही, ही न्यायालयांची चिंता रास्तच असते. परंतु हंगामी म्हणून दिलेली स्थगिती अपिलाच्या निकालापर्यंत चालू राहते आणि तो निकाल दहा वर्षांनी लागणार असेल, तर तिचा परिणाम हरलेल्या पक्षाला दहा वर्षांचा उपभोग मिळण्यात होतो.

भाडेकरूविरुद्धच्या वादात हे ठळकपणे दिसते. घर रिकामे करण्याचा आदेश झाल्यानंतरही जुन्या, नाममात्र भाड्यात अपिलाची वर्षे काढता येत असतील, तर अपील लवकर चालावे असे त्या पक्षाला वाटण्याचे कारण नाही. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००४ मध्ये या संदर्भात महत्त्वाचे तत्त्व मांडले. स्थगिती देताना अपील न्यायालय वाजवी अटी घालू शकते आणि निष्कासनाच्या हुकूमनाम्यानंतरच्या काळासाठी बाजारभावानुसार मोबदला भरण्यास सांगू शकते, असे न्यायालयाने म्हटले. महाराष्ट्रातील एका प्रकरणात २००९ मध्ये या तत्त्वाला पुन्हा दुजोरा मिळाला. जेथे अशी अट काटेकोरपणे घातली जाते, तेथे केवळ वेळ काढण्यासाठी अपील करण्याचे आकर्षण कमी होते.

पैशाच्या वसुलीच्या हुकूमनाम्यात चित्र उलट दिसते. संहितेच्या कलम ३४ नुसार व्यापारी व्यवहार नसल्यास हुकूमनाम्यानंतरच्या काळासाठी मूळ रकमेवर वार्षिक ६ टक्क्यांहून अधिक व्याज देता येत नाही. बँकेकडून कर्ज घेणाऱ्याला याहून कितीतरी अधिक दर मोजावा लागतो. देणेकऱ्याच्या दृष्टीने प्रलंबित अपील हे अशा वेळी स्वस्त कर्ज ठरते आणि ते देण्याची सक्ती दावा जिंकलेल्यावर होते.

निष्कारण अपील करणाऱ्याला जरब बसावी, अशी तरतूदही तोकडी आहे. खोट्या किंवा त्रासदायक दाव्यांसाठी नुकसानभरपाईदाखल खर्च बसविण्याची तरतूद कलम ३५-अ मध्ये आहे. तिची कमाल मर्यादा अवघी ३ हजार रुपये आहे आणि अपिले त्या कलमातून स्पष्ट शब्दांत वगळलेली आहेत.

सरकार : सर्वांत मोठा पक्षकार

विलंबाचा फायदा खासगी पक्षकारच घेतात, असे नाही. केंद्र व राज्य सरकारे हे देशातील सर्वांत मोठे पक्षकार आहेत. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याविरुद्ध सरकारकडून होणारी अपिले हा उच्च न्यायालयांवरील मोठा भार आहे. येथे विलंबाची किंमत मात्र सरकारी तिजोरीलाच मोजावी लागते. भूसंपादन कायदा, १८९४ नुसार वाढीव मोबदल्यावर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि त्यानंतर १५ टक्के दराने व्याज देय होते. २०१३ च्या कायद्यानेही हेच दर कायम ठेवले. वाढीव मोबदला १० लाख रुपये असेल आणि तो दहा वर्षांनी मिळाला, तर केवळ व्याजाची रक्कम १४ लाख ४० हजार रुपये होते. मुद्दलापेक्षा व्याज अधिक, आणि ज्याची जमीन गेली त्या शेतकऱ्याला ऐन गरजेच्या काळात यातील काहीच हाती नाही, असा हा दुहेरी तोटा आहे.

तरीही अपील न करण्याचा निर्णय घेण्यास अधिकारी सहसा धजावत नाहीत. अपील केल्याने कोणाची चौकशी होत नाही, न केल्यास होऊ शकते, ही धारणा त्यामागे असल्याचे सांगितले जाते. फाइल या विभागातून त्या विभागात फिरत राहते आणि अपील मुदतीनंतर शेकडो दिवसांनी दाखल होते. विलंबमाफीच्या बाबतीत सरकारला वेगळा न्याय नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये स्पष्ट केले. ऑक्टोबर २०२० मध्ये ६६३ दिवसांच्या विलंबाने आलेल्या मध्य प्रदेश सरकारच्या याचिकेवर न्यायालयाने २५ हजार रुपयांचा खर्च बसविला आणि ती रक्कम जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करण्यास सांगितले.

आजवरचे उपाय

या प्रश्नाचा अभ्यास झालेला नाही, असे म्हणता येणार नाही. न्यायमूर्ती रँकिन यांच्या अध्यक्षतेखालील दिवाणी न्याय समितीने १९२५ मध्ये अहवाल दिला. विधी आयोगाने १९५८ च्या चौदाव्या अहवालात न्यायव्यवस्थेच्या सुधारणेचा समग्र विचार केला, तर १९७९ च्या ७९ व्या अहवालाचा विषयच उच्च न्यायालये व अन्य अपील न्यायालयांतील विलंब हा होता. १९९९ व २००२ च्या दुरुस्त्यांनी अपिलांची उतरंड आखूड करण्याचा प्रयत्न केला. उच्च न्यायालयाच्या एकल न्यायमूर्तींनी अपिलात दिलेल्या निकालाविरुद्ध त्याच न्यायालयात आणखी एक अपील करण्याची वाट बंद झाली. रकमेच्या वसुलीचा वाद २५ हजार रुपयांपर्यंतचा असल्यास दुसरे अपीलही राहिले नाही.

मनुष्यबळाचा प्रश्न मात्र कायम आहे. दर दहा लाख लोकसंख्येमागे न्यायाधीशांची संख्या ५० असावी, अशी शिफारस विधी आयोगाने १९८७ मध्ये केली होती. सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये ती पाच वर्षांत अमलात आणण्यास सांगितले. आजही हे प्रमाण २१ च्या आसपासच आहे. उच्च न्यायालयांतील मंजूर पदे १,१२२ असून अलीकडच्या वर्षांत त्यांतील एक चतुर्थांशाहून अधिक पदे सातत्याने रिक्त राहिली आहेत. उच्च न्यायालयांतील प्रलंबित प्रकरणांनी ६० लाखांचा टप्पा ओलांडला आहे. सर्वोच्च न्यायालयाने ३० जानेवारी २०२५ रोजी निवृत्त न्यायमूर्तींच्या तदर्थ नेमणुकीच्या अटी शिथिल केल्या. ही सवलत फौजदारी अपिलांसाठी होती. आरोपी तुरुंगात असताना त्याचे अपील आधी चालावे, यात वावगे काही नाही. पण या क्रमात दिवाणी अपिले नेहमीच मागे पडतात.

न्यायालये पक्षकारांजवळ नेण्याचा प्रयत्नही होत आहे. मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर येथील सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ मध्ये सुरू झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांतील पक्षकारांची मुंबईची फेरी त्यामुळे वाचली आहे. मात्र अंतर कमी झाल्याने प्रतीक्षाही कमी होईल की नाही, हे तेथे नेमल्या जाणाऱ्या न्यायमूर्तींच्या संख्येवर अवलंबून राहील.

मुदतीचा धडा

स्थगितीवर थेट घाव घालण्याचा प्रयत्नही एकदा झाला. दिवाणी व फौजदारी प्रकरणांतील कामकाजाला दिलेली स्थगिती सहा महिन्यांनंतर आपोआप उठेल, तिला मुदतवाढ हवी असल्यास सकारण आदेश लागेल, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये दिला. पुढे पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २९ फेब्रुवारी २०२४ रोजी तो रद्द ठरविला. सुनावणी न होण्यात पक्षकाराचा काहीच दोष नसताना त्याचे संरक्षण आपोआप काढून घेणे अन्यायकारक आहे, अशी भूमिका घटनापीठाने घेतली. कोणत्या प्रकरणाला प्राधान्य द्यायचे, हे त्या त्या न्यायालयालाच अधिक चांगले समजते आणि बाहेरून ठरावीक मुदत घालणे अपवादात्मक परिस्थितीतच योग्य ठरते, असेही त्यात नमूद करण्यात आले.

या निर्णयातून एक गोष्ट स्पष्ट होते. सरसकट मुदत घालून प्रश्न सुटणारा नाही. घाईने दिलेला निकालही महाग पडतो. पहिल्या अपिलात पुराव्याचा नीट विचार न करता दिलेले निकाल सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी रद्द केले आहेत आणि अपिले फेरसुनावणीसाठी परत पाठविली आहेत. अशा वेळी वाचविलेल्या काही महिन्यांच्या बदल्यात अनेक वर्षे खर्ची पडतात. खालच्या न्यायालयाच्या चुका दुरुस्त होण्यासाठी अपिलाचा हक्क अबाधित राहणे आवश्यकच आहे.

परंतु अपिलाचा हक्क आणि विलंबाचा लाभ या दोन भिन्न गोष्टी आहेत. त्यांची फारकत करणे कायद्याच्या सध्याच्या चौकटीतही बऱ्याच अंशी शक्य आहे. स्थगिती देताना बाजारभावाने मोबदला किंवा रक्कम जमा करण्याची अट घालणे, स्थगिती दिलेल्या अपिलांची स्वतंत्र यादी करून त्यांना सुनावणीत अग्रक्रम देणे, मूळ कागदपत्रे व भाषांतर यांसाठी निश्चित वेळापत्रक ठरविणे आणि जुन्या अपिलांसाठी केवळ अंतिम सुनावणी घेणारी खंडपीठे नेमणे, हे उपाय न्यायालयांच्या अखत्यारीतील आहेत. कलम ३४ मधील व्याजमर्यादा आणि कलम ३५-अ मधील खर्चाची मर्यादा बदलण्याचे काम संसदेचे आहे. कोणत्या रकमेपर्यंत अपील करायचे नाही, हे ठरवून आपल्या अधिकाऱ्यांना संरक्षण देण्याचे काम सरकारांचे आहे.

व्यापारी वादांसाठी २०१५ च्या कायद्याने अपील सहा महिन्यांत निकाली काढण्याचे उद्दिष्ट ठेवले. गुंतवणूकदाराच्या करारासाठी जी निकड मान्य झाली, ती वाटणीतील हिश्शाची वाट पाहणाऱ्या बहिणीला, संपादित जमिनीच्या मोबदल्यासाठी खेटे घालणाऱ्या शेतकऱ्याला आणि स्वतःच्या घराचा ताबा मागणाऱ्या वृद्धाला का लागू होऊ नये, या प्रश्नाचे उत्तर अद्याप मिळालेले नाही. न्यायाधीशांची संख्या वाढणे अत्यावश्यक आहेच. पण जोपर्यंत प्रतीक्षेची किंमत जिंकलेला पक्ष मोजतो आणि तिचा फायदा हरलेल्या पक्षाला मिळतो, तोपर्यंत वाढलेल्या न्यायालयांपुढेही अपिलांची रांग वाढतच राहण्याची शक्यता अधिक आहे.